पोट घासणारी वॅगन: उंची वाढवण्याआधी हरवलेली शोधा

ताई, तुमचा प्रश्न थोडक्यात असा. २००६ची स्कोडा ऑक्टाव्हिया कॉम्बी, म्हणजे लांब डिकीची वॅगन, १.९ टीडीआय, एक लाख अडुसष्ट हजार किलोमीटर झालेली. सासऱ्यांनी हौसेनं जपलेली, आता तुमच्याकडे आलेली. पुण्याहून साखरप्याजवळच्या गावी वर्षाला चार-पाच फेऱ्या. पाच माणसं बसली आणि डिकी भरली की स्पीडब्रेकरवर पोट घासतं, आणि गावात घराकडं जाणाऱ्या कच्च्या वाटेवर तर दर वेळी. एका दुकानदारानं चारी चाकांना दोन-दोन इंची स्पेसर, म्हणजे सस्पेन्शनमध्ये बसवून गाडी उचलणारे ठोकळे, टाकून देतो, तासाभराचं काम आहे, असं सांगितलं. टाकावेत का?

नको. निदान आत्ता तरी नको. मी कोल्हापुरात उद्यमनगरात सव्वीस वर्षं सस्पेन्शनचंच काम करतोय. उंची वाढवून द्या म्हणत येणाऱ्या जुन्या गाड्यांपैकी बहुतेकींची उंची मुळात कमी नसतेच, ती हरवलेली असते. तुमच्या गाडीनं कुठं कुठं हरवलीय त्यातली एक जागा तर फोटोतच दिसतेय. टायरच्या कडेवर १९५/६० आर १५ लिहिलंय. या गाडीला १९५/६५ आर १५ लागतो. आधी कुणीतरी जो मिळाला तो, नाहीतर स्वस्त पडला तो घातलेला दिसतोय.

वरवर बघता ६५च्या जागी ६० आलं तर काय बिघडलं, असं वाटेल. हिशेब करू. १९५ हे टायरच्या रुंदीचे मिलिमीटर, आणि ६५ म्हणजे त्या रुंदीच्या ६५ टक्के एवढी टायरची भिंत. म्हणजे १२७ मिमीच्या आसपास. साठचा टायर घातला की भिंत ११७वर येते. अख्खी गाडी दहा मिमी खाली बसली, म्हणजे आमच्या भाषेत तीन सूत. त्यात तुमचे टायर झिजलेले. नवीन टायरची नक्षी आठ मिमीच्या आसपास खोल असते, तुमची फोटोवरून तीन-चार राहिलेली वाटते. आणखी चार मिमी गेले. गाडीला पाना न लावता चौदा मिमीचा पत्ता लागला. (मीटरही त्यामुळं तीनेक टक्के जास्त दाखवत असणार. तुमची गाडी लिहिलंय त्यापेक्षा थोडी कमीच पळालीय, हा एक फायदा धरा.)

दुसरी गोष्ट उंचीची नाही, पण सांगितल्याशिवाय राहवत नाही. १९५/६५च्या टायरवर सहसा ९१ हा भार-आकडा असतो, म्हणजे एका टायरनं ६१५ किलो पेलायचे. १९५/६०वर बहुधा ८८ असतो, म्हणजे ५६०. भरलेल्या वॅगनच्या मागच्या चाकांना हा फरक लागतो. तेव्हा काहीही करण्याआधी टायर मूळ मापाचे घाला. ते तसेही बदलायला आलेत.

आता ग्राउंड क्लिअरन्स म्हणजे नेमकं काय मोजतात ते. पुष्कळांना वाटतं की दाराखालच्या पट्टीपासून जमिनीपर्यंतचं अंतर. तसं नाही. गाडीच्या मधल्या भागात जे काही सगळ्यात खाली लोंबत असेल, त्याच्यापासून जमिनीपर्यंतचं अंतर. मधला भाग म्हणजे डाव्या-उजव्या चाकांच्या आतल्या कडांमधल्या जागेचा मधला ८० टक्के पट्टा. म्हणून चाकाजवळ खाली आलेला लोअर आर्म (चाकाला खालून धरणारी दांडी) त्यात धरत नाहीत, पण इंजिनखालचं तेलाचं चेंबर, सायलेन्सरचा पाइप, चेंबरखाली लावलेलं गार्ड हे सगळं येतं. आणि मोजताना गाडी रिकामी की भरलेली, यावर आकडा पार बदलतो. एका कंपनीच्या पुस्तकात रिकाम्या गाडीचा आकडा असतो, दुसरीच्या पुस्तकात भरलेल्या गाडीचा. शोरूममध्ये दोन पत्रकं शेजारी ठेवून तुलना करणारा माणूस तिथंच फसतो.

आपल्याकडं तर बरीच वर्षं या आकड्यावर कर ठरत होता. २०१३च्या अर्थसंकल्पात एसयूव्हीवरचा अबकारी कर ३० टक्के केला आणि एसयूव्हीच्या व्याख्येत लांबी, इंजिन आणि १७० मिमी क्लिअरन्स अशी अट होती. त्यावर महिंद्रानं एक्सयूव्ही ५००ची उंची २००वरून १६०वर आणली. डोंगरात जायची गाडी कागदासाठी चार सेंटिमीटर खाली बसली! पुढं २०२३च्या जुलैत जीएसटी परिषदेनं १७० मिमी रिकाम्या गाडीचेच धरायचे, असं स्पष्ट केलं. तुमच्या गाडीला याचं काही देणंघेणं नाही. पण पत्रकातला आकडा आणि तुमच्या चेंबरखालची हवा या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, एवढं यातून कळावं.

तुम्ही लिहिलंय की स्पीडब्रेकरवर पोट घासतं. कुठल्या स्पीडब्रेकरवर? इंडियन रोड्स काँग्रेसच्या मापाचा गतिरोधक १७ मीटर त्रिज्येच्या वर्तुळाचा तुकडा असतो, ३.७ मीटर रुंद आणि मध्यभागी १० सेंमी उंच. ऑक्टाव्हियाच्या पुढच्या-मागच्या चाकांत अडीच मीटर अंतर आहे. असा गतिरोधक बरोबर मधोमध आला, तर चारही चाकं त्याच्याच पाठीवर असतात आणि दोन चाकांच्या मध्ये तो पोटाकडं उचलला जातो फक्त ४६ मिमी. शंभर मिमी क्लिअरन्सची गाडीसुद्धा आरामात निघून जाईल. म्हणजे मापातल्या गतिरोधकावर तुमची गाडी घासतच नाही. घासते ती कुणीतरी रात्रीत डांबराचा ढीग ओतून केलेल्या, फूटभर रुंदीच्या आणि अर्धा फूट उंचीच्या बांधावर. तिथं पुढची चाकं उतरून जमिनीला लागतात, मागची अजून चढलेली नसतात आणि मधे १५० मिमीचा दगडासारखा कठडा उभा. तिथं पूर्ण दीडशेच मिमी लागतात, एकही कमी चालत नाही.

आता मोजायचं कसं. पेट्रोल पंपावर मोजू नका, तिथली फरशी पाणी वाहून जायला उताराची असते. ट्रक तोलायच्या वजनकाट्यावर जा. सपाट लोखंडी प्लॅटफॉर्म मिळतो आणि दुसरं कामही होतं, ते पुढं सांगतो. टायरमध्ये हवा बरोबर, टाकी अर्धी, गाडी रिकामी. जॅक लावून उतरवलेली गाडी लगेच मोजायची नाही. टायर जमिनीला चिकटून सस्पेन्शन ताणलेलं राहतं, चार-पाच मीटर पुढं-मागं ढकलून मग मोजायची. चाकाच्या मधोमध जो टोपीचा बिंदू आहे, तिथून सरळ वर मडगार्डच्या कमानीच्या कडेपर्यंत माप घ्या. चारही चाकांचं. जमिनीपासून मोजू नका, टायरची झीज आणि हवा त्यात मिसळते. चाकाच्या मध्यापासून घेतलेलं माप फक्त स्प्रिंगबद्दल बोलतं. डाव्या-उजव्यात दहा मिमीपेक्षा जास्त फरक निघाला तर एक तर स्प्रिंग बसलीय, नाहीतर तुटलीय. तुटलीय म्हणजे मधून नव्हे. खालच्या ताटलीत बसणारं शेवटचं वेटोळं गंजून मोडतं, तुकडा तिथंच अडकून राहतो, आणि गाडी वर्षभर तशीच पळते. चालवणाऱ्याला एक 'टण्ण' आवाज आठवतो फक्त.

मग नुसतं माप घेऊन थांबू नका, घासतंय कुठं ते बघा. आम्ही चुना वापरतो. पानपट्टीवर मिळतो तो नव्हे, भिंतीचा, ताकासारखा पातळ कालवलेला. गाडी रॅम्पवर घेऊन चेंबर-गार्ड, सायलेन्सरचे पाइप, मागच्या एक्सलची तुळई, सगळ्याला ब्रशनं एक हात मारायचा, वाळू द्यायचा. मग माणसं बसवून त्याच नेहमीच्या स्पीडब्रेकरवरून न्यायची. परत रॅम्पवर घेतली की जिथं चुना पुसला गेलाय ती जागा. गेल्या पावसाळ्यात एक गृहस्थ अशीच गाडी घेऊन आले, उंची वाढवून द्या म्हणून. चुना लावून आणला, तर घासलेली जागा एकच, हाताच्या पंजाएवढी: सायलेन्सरची मधली टाकी. वर बघितलं तर तिला धरणाऱ्या दोन रबरांपैकी एक तुटलेलं, टाकी चांगली दोन बोटं खाली लोंबतेय. एका रबरावर काम झालं. ते थोडे हिरमुसले, त्यांनी मनात स्पेसरची तयारी केली होती.

तुमच्या गाडीत मी पहिल्यांदा चेंबरखालचं गार्ड बघीन. बाहेरून लावलेली जाड लोखंडी गार्डं फ्रेमच्या खाली आणखी एक फ्रेम करून बसवलेली असतात, ती सहज दहा-पंधरा मिमी खातात. गार्ड काढून टाका असं मी म्हणत नाही. ऑक्टाव्हियाचं चेंबर एकदा आंबा घाटाच्या पायथ्याला फुटलं की काय होतं, ते बघितलेल्या माणसानं गार्ड काढायला सांगू नये. पण चेंबरला लागून बसणारं पातळ गार्ड मिळतं, तेवढी उंची परत येते. मग इंजिनाचं खालचं फाउंडेशन, म्हणजे माउंटिंग. इतक्या वर्षांत रबर मेलेलं असणारच, इंजिन थोडं खाली आलेलं असतं.

आणि स्प्रिंगा. इथं एक गैरसमज घट्ट बसलाय: गाडी खाली बसली की शॉकअप बदला. शॉकअप गाडी उचलून धरत नाही. वजन धरते ती स्प्रिंग. शॉकअपचं काम स्प्रिंगच्या उड्या आवरायचं. नवे शॉकअप टाकून उभ्या गाडीची उंची जवळपास तेवढीच राहते. पण चालत्या गाडीत फरक पडतो, आणि पोट चालतानाच घासतं. पुढची चाकं स्पीडब्रेकरवरून खाली उतरतात तेव्हा नाक आपटून खाली जातं. मेलेला शॉकअप ते अडवत नाही, चेंबर आणखी तीस-चाळीस मिमी खाली येतं. म्हणून तुमच्या किलोमीटरला स्प्रिंगा आणि शॉकअप एकदमच बदला, चारी. दोन नव्या दोन जुन्या असा काटकसरीचा संसार सस्पेन्शनला चालत नाही. मूळ स्प्रिंगांवर रंगाचे ठिपके असतात. ते नुसते ओळखीचे नसतात, स्प्रिंग किती वजनासाठी आहे हे ते सांगतात. साध्या ऑक्टाव्हियाची मागची स्प्रिंग कॉम्बीला बसते, पण ती वेगळ्या वजनासाठी असू शकते. ठिपके बघून, गाडीचा चेसिस नंबर देऊनच मागवा. आणि कृपा करून पुढची स्प्रिंग घरी उघडायला जाऊ नका. दाबलेली स्प्रिंग सुटली तर माणूस जायबंदी होतो, गंमत नाही.

वजनाचं सगळ्यात महत्त्वाचं, कारण वॅगनचं खरं दुखणं तिथं आहे. मे महिन्यात परतताना डिकीत काय असतं ते तुम्हीच लिहिलंय: आंब्याच्या पेट्या, तांदळाचं पोतं, फणस. किमान शंभर किलो धरू. हे वजन मागच्या चाकांच्या मागं आहे, समजा चाकाच्या मध्यापासून ८० सेंमी मागं. मग मागच्या चाकांवर शंभर येत नाहीत, १३२ येतात. वरचे ३२ कुठून आले? पुढच्या चाकांवरून उचलले. बैलगाडी हाकणाऱ्याला हे समजावून सांगावं लागत नाही. मागं जास्त भरलं की गाडी उलाळ होते, जू बैलाच्या मानेवरून उचललं जातं. तुमची गाडी उलाळ होतेय. मागची एक स्प्रिंग साधारण सव्वादोन किलोला एक मिमी दबते असं धरलं, तर ६६ किलोला तीस मिमी खाली. मागं बसलेल्या तिघांचं वजन त्यात अजून धरलेलंच नाही.

वजनकाट्याचं दुसरं काम हेच. एकदा रिकामी, एकदा घरातली सगळी माणसं आणि नेहमीचं सामान घालून तोला. दोन्ही वेळा आधी पूर्ण गाडी, मग फक्त मागची चाकं काट्यावर ठेवून. मागच्या चाकांवरचा आकडा कंपनीनं गाडीवर लावलेल्या माहितीच्या प्लेटवर लिहिलेल्या मागच्या एक्सलच्या मर्यादेशी ताडून बघा. मर्यादा ओलांडली असेल तर कुठलाही स्पेसर तुम्हाला मदत करणार नाही. तांदळाचं पोतं डिकीच्या टोकाला न ठेवता मागच्या सीटच्या पाठीला चिकटून आडवं ठेवा. सगळ्या शंभर किलोंसाठी ८० सेंमीचे ३० झाले की १३२चे ११२ होतात, वीस किलो फुकटात वाचले. एखादा फणस पुढच्या सीटखाली पायाशी. सासूबाई कुरकुरतील, पण पोट वाचेल.

युरोपात ज्यांनी वॅगना वापरल्या त्यांना हे दुखणं जुनं आहे. सिट्रोएननं १९५५च्या डीएसमध्ये तेल आणि वायूचं सस्पेन्शन आणलं, वजन कितीही टाका, गाडी आपोआप मूळ उंचीवर येणारी. मर्सिडीजनं १९७८च्या आपल्या वॅगनला मागच्या चाकांसाठी स्वतःहून समतोल होणारं सस्पेन्शन दिलंच होतं. पुढं ऑडीच्या पहिल्या ऑलरोडमध्ये हवेच्या पिशव्या आल्या, १४२पासून २०८ मिमीपर्यंत बटणावर उंची. यांनी गाडी कायमची उंच केली नाही. भरली तेव्हा उचलली. तुम्हालाही नेमकं तेच हवंय. पुण्यात शाळा-ऑफिसला जाताना गाडी दोन इंच उंच असून काय करायचंय?

आणि म्हणून हे सगळं झाल्यावरही मागं बसतच असेल, तर माझी पहिली पसंती हवेच्या मदतनीस पिशवीला. ऑक्टाव्हियाच्या मागच्या सस्पेन्शनमध्ये स्प्रिंग वेगळी आणि शॉकअप वेगळा. स्प्रिंगच्या पोटात जागा मोकळी आहे. त्या पोकळीत रबरी नळकांड्यासारखी पिशवी बसते, तिची नळी डिकीत आणून व्हॉल्व्ह लावायचा, सायकलच्या पंपानं हवा भरायची. गावी निघताना भरा, परत आल्यावर कमी करा. पूर्ण रिकामी करायची नाही, नाहीतर पिशवी चिमटून फाटते. जास्त भरली तर मागचा भाग दगड होतो, आणि गाडी घाटात ओल्या वळणावर मागून सुटायला बघते. किती हवा ते पाकिटावर लिहिलेलं असतं, त्याच्या वर जाऊ नका.

बाजारात आणखी एक वस्तू फार खपते: स्प्रिंगच्या दोन वेटोळ्यांमध्ये ठोकून बसवायचे रबराचे जाड कडे. वीस मिनिटांत लागतात. त्यानं होतं काय, तर ते एक वेटोळं काम करायचं थांबतं. स्प्रिंग तेवढी आखूड आणि कडक झाली, आणि कड्याच्या दोन्ही टोकांना ताण साचला. मागं, नवी स्प्रिंग असेल, वर्षातून चार फेऱ्या असतील, तर मी डोळेझाक करीन. पुढच्या चाकांना मी लावून देत नाही. इतक्या जुन्या गंजलेल्या स्प्रिंगमध्ये तर कुणीच लावू नयेत.

आता तुमच्या दुकानदाराचे दोन इंची स्पेसर. बॉनेट उघडा आणि दोन्ही बाजूंना स्ट्रटच्या टॉवरवर बघा, म्हणजे पुढच्या स्प्रिंग-शॉकअपचा खांब वर बॉडीला जिथं टेकतो तिथं. पुष्कळ गाड्यांत तिथं तीन नट दिसतात. तीन भोकांचा अॅल्युमिनियमचा स्पेसर त्या तीन बोल्टांमध्ये बसतो, काम सोपं. तुमच्या ऑक्टाव्हियात मधोमध एकच मोठा नट दिसेल. वरचं रबर टॉवरच्या आत नुसतं दाबून बसलंय, तीन बोल्ट नाहीतच. दुकानदाराला विचारा, स्पेसर नेमका कुठं बसवणार? त्यानं तीन भोकांची चकती दाखवली, तर त्यानं ही गाडी कधी उघडलेली नाही.

बसवला तरी पुढं काय होतं ते मी स्वतःच्या पैशानं शिकलोय. धंदा नवा होता, अंगात मस्ती होती. एक उसाचे बागायतदार आपली वॅगन घेऊन आले, मळ्यापर्यंत जायला हवी म्हणाले. मी लेथवर नायलॉनचे पन्नास मिमीचे ठोकळे कातून चारी कोपऱ्यांत घातले. गाडी दिसायला झकास, आठवडाभर माझी वाहवा. दोन महिन्यांनी गाडी परत. साठ-सत्तरच्या वेगाला अॅक्सिलरेटर दाबला की पुढचा भाग थरथरतो, पाय उचलला की थांबतो. चाक काढलं. रिमच्या आतल्या बाजूला काळ्या ग्रीसचा फवारा उडून वाळलेला, एक्सलच्या जॉइंटचं रबर चिरलेलं, जॉइंटमध्ये ग्रीसऐवजी लाल माती. झालं असं की इंजिन वर गेलं, चाक होतं तिथंच राहिलं. दोघांना जोडणारा एक्सल कंपनीनं ठरवलेल्यापेक्षा जास्त तिरका झाला आणि जॉइंट त्या कोनात फिरून फिरून मेला. स्टेअरिंग पूर्ण वळवून चाक लोंबतं ठेवलं, तर ब्रेकची रबरी नळी तंबोऱ्याच्या तारेसारखी ताणलेली. तिच्याकडं बघून मला घाम फुटला. दोन्ही एक्सल माझ्या खर्चानं बदलले, ठोकळे काढून त्यांच्यादेखत भंगारात टाकले.

तुमच्या गाडीत आणखी एक जागा तपासायला हवी. एबीएस (जोरात ब्रेक दाबला तरी चाक अडकून घसरू न देणारी यंत्रणा) नसलेल्या बऱ्याच गाड्यांत मागच्या एक्सलजवळ एक व्हॉल्व्ह असतो, त्याला एक छोटी दांडी किंवा स्प्रिंग लावून एक्सलला जोडलेलं असतं. गाडी मागून दबली की त्याला कळतं की वजन आहे, आणि तो मागच्या ब्रेकला जास्त दाब सोडतो. मागून उचलली की त्याला वाटतं डिकी रिकामी. तुम्ही स्पेसर टाकून पाच माणसं आणि तांदूळ भरून घाट उतरताय, आणि हा समजतोय गाडीत फक्त ड्रायव्हर आहे. मागचे ब्रेक अर्धवट. कुठल्याही स्पेसरवाल्यानं हे मला आजवर आपणहून सांगितलेलं नाही.

कायद्याचंही बघा. मोटार वाहन कायद्याच्या कलम ५२ प्रमाणे कंपनीच्या मूळ रचनेहून नोंदणीतला तपशील बदलेल असा फेरफार करता येत नाही. सर्वोच्च न्यायालयानं जानेवारी २०१९मध्ये केरळमधल्या एका प्रकरणात हे पुन्हा ठाम सांगितलं. तुमच्या गाडीला पंधरा वर्षं होऊन गेलीत, एकदा री-पासिंग झालंय, दर पाच वर्षांनी पुन्हा होणार. आरटीओत निरीक्षकाला चार ठोकळे दिसले तर तो काढून या म्हणेल. अपघात झाला तर विमा कंपनीला तेवढंच निमित्त. मूळ दर्जाच्या नव्या स्प्रिंगा, मूळ मापाचे टायर याला कुणी बोट लावू शकत नाही.

स्प्रिंगाच थोड्या उंच घ्याव्यात का? घेता येतात. वाईट रस्त्यांसाठी कंपन्या स्वतःच वीसेक मिमी उंच, जाड स्प्रिंगांचा संच बनवतात, त्याला जुळणारे शॉकअपही असतात. पुढं स्कोडानंच कॉम्बीची स्काऊट म्हणून उंच आवृत्ती काढली. सुबारूनं तर नव्वदच्या दशकात साधी लेगसी वॅगन उंच करून आउटबॅक केली आणि त्या एका कल्पनेवर तीस वर्षं धंदा केला. वीस-पंचवीस मिमीपर्यंत एक्सलचा कोन, ब्रेकच्या नळ्या सहसा सांभाळून घेतात. त्यानंतर चाकांचं अलाइनमेंट करायचंच, नाहीतर नवे टायर सहा महिन्यांत आतून-बाहेरून खाल्ले जातील. पण मी हे दुसऱ्या टप्प्यावर ठेवीन. आधी हरवलेलं परत मिळवा: टायरचे चौदा, नव्या स्प्रिंगांचे पंधरा-वीस, गार्ड बदलून आठ-दहा. झाले की चाळीसेक मिमी. दुकानदाराच्या पन्नासाच्या जवळपास पोचलात, आणि एकही सांधा वाकडा न करता. १९५/७० घालून आणखी उंची मिळवायचा मोह होईल. दहा मिमी मिळतात, पण स्टेअरिंग पूर्ण वळवल्यावर आणि गाडी दबल्यावर टायर आत कुठं लागत नाही ना, हे आधी बघा. मी तरी मूळ मापावर थांबतो.

गाडी चालवण्यातलं एकच सांगतो. स्पीडब्रेकरच्या माथ्यावर ब्रेक दाबून ठेवायची सवय असते पुष्कळांना. ब्रेक दाबला की नाक खाली जातं, म्हणजे नको त्या क्षणी तुम्हीच वीस-तीस मिमी खाली करताय. आधीच वेग मारा, पुढचं चाक चढायच्या क्षणी ब्रेक सोडा, गाडी आपल्या आपण उतरू दे. बांधासारखा अरुंद असेल तर थोडी तिरकी घ्या, समोरून दुचाकी नाही हे बघून.

राहिली गावातली वाट. फोटो मोठा करून बघितला. दोन खोल चाकोऱ्या पडल्यात आणि मधे गवत उगवलेला उंचवटा आहे. पावसाळ्यात तिथून ट्रॅक्टर जात असणार. ट्रॅक्टरच्या चाकानं चाकोरी वीतभर खोल झाली की कुठलीही घरगुती गाडी तिथं घासणारच, दोन इंच काय, चार इंच उचलली तरी. तात्पुरतं, डावं चाक कडेला आणि उजवं चाक मधल्या उंचवट्यावर ठेवून न्या, माणसं खाली उतरवून. कायमचं करायचं तर गावी काकांना फोन करा आणि दिवाळीनंतर, जमीन वाळली की, जांभ्याच्या चुऱ्याच्या किंवा मुरमाच्या दोन ट्रॉल्या त्या चाकोऱ्यांत टाकून चोपून घ्या. वर पाणी जायला एका बाजूला चर मारायला सांगा, नाहीतर पहिल्याच पावसात मुरूम वाहून शेजाऱ्याच्या अंगणात जाईल.

स्प्रिंगांच्या ठिपक्यांचा फोटो आणि वजनकाट्याच्या पावत्या मिळाल्या की पाठवा. मागच्या एक्सलचा आकडा बघितल्याशिवाय पिशवी कुठल्या मापाची घ्यायची ते मी सांगणार नाही.